गाण्याला गळती कुठे लागते?

हिंदी चित्रपटगीतं जमवणाऱ्या मंडळींमध्ये ‘लॉसलेस’ या शब्दाला हल्ली हॉलमार्कचं वजन आलं आहे. फाइलच्या नावाशेवटी ‘फ्लॅक’ दिसलं की माल अस्सल, ‘एमपीथ्री’ दिसलं की हलका, इतका सरळ हिशेब. पूर्वी हा शब्द हेडफोन आणि ॲम्प्लिफायरवर तासन्‌तास वाद घालणाऱ्या मोजक्या शौकिनांपुरता होता. २०१९मध्ये ॲमेझॉनने, २०२१मध्ये ॲपलने आणि २०२५मध्ये स्पॉटिफायने आपापल्या संगीतसेवेत लॉसलेस गाणी आणली आणि तो घरोघरी पोचला. पण हॉलमार्क निदान दागिन्यात सोनं किती हे तरी सांगतो. लॉसलेस तेवढंही सांगत नाही. डब्यात जे भरलं ते बाहेर काढताना कणभरही कमी झालेलं नाही, एवढीच त्याची हमी. डब्यात मुळात काय भरलं होतं, याबद्दल तो चकार शब्द काढत नाही. हिंदी चित्रपटगीताच्या बाबतीत खरी मेख तिथेच आहे. चित्रपटाच्या पट्टीवरून तबकडीवर, तबकडीवरून किंवा टेपवरून एलपीवर, पुढे कॅसेटवर, मग सीडीवर, असा प्रवास करत आलेल्या गाण्याला गळती लागते ती बहुतेक वेळा फाइल तयार होण्याच्या कितीतरी आधी. लॉसलेस पुढची गळती थांबवतं. मागची भरून काढत नाही. त्यामुळे संग्रहाची प्रत फाइलच्या प्रकारावरून ठरवणं म्हणजे पुस्तकाची योग्यता पुठ्ठ्यावरून ठरवण्यासारखं आहे. गाणं कुठून आलं, कोणत्या मार्गाने आलं आणि वाटेत त्याचं काय झालं, याची नोंद ज्याच्याकडे आहे त्याचा संग्रह मोठा.

आधी आकड्यांचा हिशेब उरकून घेऊ. सीडीवर आवाजाचे सेकंदाला ४४,१०० नमुने घेतलेले असतात, प्रत्येक नमुना १६ बिटांचा, आणि डावी-उजवी अशा दोन बाजू. गुणाकार केला की सेकंदाला १४,११,२०० बिट होतात, म्हणजे पाच मिनिटांच्या गाण्याला सुमारे ५३ एमबी जागा लागते. तेच गाणं फ्लॅकमध्ये साधारण निम्म्या जागेत मावतं, ३२० केबीपीएसच्या (म्हणजे सेकंदाला ३२० हजार बिटांच्या) एमपीथ्रीत १२ एमबीत आणि १२८ केबीपीएसच्या एमपीथ्रीत पाचहून कमी एमबीत. फुटपाथवर एकाच सीडीत दीडशे गाणी मिळत, त्यामागचं गणित हेच. आता दोघांची काम करण्याची रीत पाहा. जोश कोलसन यांनी २००१च्या सुमारास लोकांसाठी खुला केलेला फ्लॅक हा मुनीमजीच्या स्वभावाचा आहे. मागच्या काही नमुन्यांवरून पुढचा नमुना काय असेल याचा तो अंदाज बांधतो आणि अंदाज जितका चुकला तेवढाच फरक लिहून ठेवतो. रोजचा पुरता आकडा न लिहिता ‘कालपेक्षा दोन रुपये जास्त’ एवढंच वहीत लिहावं आणि महिनाअखेर पैन्‌पै जुळावी, तसं. शिवाय मूळ ध्वनीचा गणिती ठसा तो फाइलमध्येच ठेवून देतो, म्हणजे वीस वर्षांनीही फाइल बिघडली की नाही हे ताडून पाहता येतं. एमपीथ्रीची रीत वेगळी. ढोल वाजत असताना शेजारच्याच पट्टीतला हलका आवाज कानाला ऐकू येत नाही, या मानवी कानाच्या मर्यादेचा तो फायदा घेतो आणि जे ऐकू येणार नाही असं त्याला वाटतं ते कायमचं टाकून देतो. टाकलेलं परत आणायची सोय नाही.

इथे पहिला आक्षेप येतो आणि तो पोकळ नाही. कानाला फरकच कळत नसेल तर टाकलेल्याचं दुःख कशाला? डोळ्यांवर पट्टी बांधून घेतलेल्या चाचण्या या आक्षेपाच्या बाजूने आहेत. २००७ साली मायर आणि मोरान यांनी अमेरिकेत ५५४ वेळा केलेल्या तुलनेत, उच्च प्रतीच्या ध्वनिमुद्रणाच्या वाटेत साध्या सीडीच्या प्रतीचा टप्पा मध्येच घातला तरी ऐकणाऱ्यांना तो ओळखता आला नाही. २०१६ साली जोशुआ रीस यांनी अशा १८ प्रयोगांचे आकडे एकत्र मांडले, तेव्हा अचूक ओळखण्याचं प्रमाण ५२.३ टक्के निघालं. नाणं उडवून उत्तर दिलं असतं तरी ५० आलं असतं. सराव दिलेल्या कानांची कामगिरी याहून बरी होती, हेही त्यांनी दाखवलं. पण सोफ्यावर बसून गाणं ऐकणाऱ्याला तो फरक जन्मात जाणवायचा नाही. हे प्रयोग सीडीहून वरच्या प्रतीबद्दल होते. तरी उत्तम रीतीने केलेल्या ३२०च्या एमपीथ्रीबद्दलही अनुभव फारसा निराळा नाही. १२८ची गोष्ट वेगळी. तिथे घुंगरांची किणकिण आणि मेंडोलिनची तार पाण्याखाली गेल्यासारखी होते आणि ती शिकवल्याशिवायही कळते. सारेगामाने २०१७मध्ये पाच हजार गाणी भरलेला ‘कारवां’ हा छोटा खोका बाजारात आणला तेव्हा तो हातोहात खपला. त्या ग्राहकांपैकी कुणी बिटरेट विचारला असेल असं वाटत नाही. ऐकण्यापुरता आक्षेप मान्य केला तरी संग्रह म्हणजे ऐकणं नव्हे. संग्रहातल्या प्रतीची पुढे प्रत होते, तिच्यावर सफाई होते, ती कापली-जोडली जाते, नव्या यंत्रासाठी नव्या स्वरूपात बदलली जाते. एकदा चाळून घेतलेल्या ध्वनीवर पुन्हा तीच चाळणी फिरवली की दर खेपेला आणखी काही गळतं. बी म्हणून ठेवायचं धान्य आणि दळायला काढायचं धान्य शेतकरी वेगळं ठेवतो. लॉसलेस प्रत ही बियाण्याची. तिच्यावरून फोनसाठी खुशाल एमपीथ्री करावी.

पण बियाणंच किडकं असेल तर? त्यासाठी गाण्याच्या जन्मापर्यंत मागे जावं लागतं. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक थिएटरात ‘आलम आरा’ लागला. त्यात सात गाणी होती, त्यांची एकही तबकडी निघाली नाही आणि चित्रपटाची प्रतही आज शिल्लक नाही. म्हणजे हिंदी चित्रपटसंगीताचं पहिलं पान शंभर टक्के गळालेलंच आहे. पार्श्वगायनाची रीत १९३५च्या ‘धूप छांव’पासून रुळत गेली, पण चित्रपटातलं गाणं आणि तबकडीवरचं गाणं ही पुष्कळ काळ दोन निरनिराळी ध्वनिमुद्रणं असत. चित्रपटासाठी ते फिल्मच्या कडेच्या प्रकाशपट्टीवर उतरवलं जाई, तबकडीसाठी ग्रामोफोन कंपनी ते वेगळं गाऊन घेई. करारांच्या अडचणीमुळे पडद्यावर एकाचा आवाज आणि तबकडीवर दुसऱ्याचा, असंही घडे. त्यात दहा इंची ७८ गतीच्या तबकडीची एक बाजू जेमतेम सव्वातीन-साडेतीन मिनिटांची. चित्रपटातला तिसरा अंतरा, सुरुवातीचा आलाप, मधला लांबलेला वाद्यमेळ, यांतलं काहीतरी कापलं जाणार हे ठरलेलंच. ‘बरसात की रात’ (१९६०) मधली बारा मिनिटांच्या आसपासची कव्वाली तर एका बाजूवर बसणं शक्यच नव्हतं. त्यामुळे ‘मूळ गाणं’ हा शब्दप्रयोगच सैल आहे. संग्राहक जेव्हा ‘मूळ प्रत’ म्हणतो तेव्हा त्याला पडद्यावरचं गाणं म्हणायचं आहे की तबकडीवरचं, हे आधी विचारायला हवं. दोन्ही मूळच आहेत, आणि दोन्हींत काही ना काही कमी आहे.

कमतरता नुसती लांबीची नव्हती. प्रकाशपट्टीवरचा आवाज चित्रपटगृहात ऐकू येईपर्यंत आठ हजार हर्ट्झच्या वरचं फारसं काही उरत नसे. लाखेच्या तबकडीवर खरखर इतकी, की सर्वांत हळू आणि सर्वांत मोठ्या आवाजातलं उपयोगी अंतर चाळीस-पन्नास डेसिबलपुरतंच. सीडीची क्षमता ९६ डेसिबलची. म्हणजे १९४९च्या ‘महल’ची तबकडी सीडीच्या दर्जाच्या फाइलमध्ये उतरवली तर ती वाटीभर आमटी पातेल्यात ओतल्यासारखी सुखाने मावते. फाइल चोवीस बिटांची आहे की सोळा, यापेक्षा तबकडीवरून सुई कोणती फिरवली हे इथे शंभरपट महत्त्वाचं. ७८च्या तबकडीची खाच रुंद, तिला साधारण पासष्ट-सत्तर मायक्रॉनचं टोक लागतं. एलपीची सुई सुमारे पंचवीसची. एलपीची सुई ७८वर टेकवली तर ती खाचेच्या तळाशी जाऊन बसते आणि भिंतीवर कोरलेल्या गाण्याऐवजी तळाची घाण वाचते. शिवाय जुन्या तबकड्या कापताना खर्ज-तार यांचा जो समतोल ठेवलेला असे तो पुढच्या एलपींहून वेगळा होता. आजच्या ॲम्प्लिफायरवर तशीच वाजवली की गाणं कुंद तरी होतं नाही तर कर्कश तरी. अशी उतरवलेली फाइल तांत्रिकदृष्ट्या निखळ लॉसलेस असते. चुकीच्या सुईने वाचलेलं गाणं ती अगदी इमानदारीने जपते.

एलपी आणि टेपचं युग आल्यावर परिस्थिती सुधारली, यात शंका नाही. ताडदेवच्या फेमसमध्ये मिनू कात्रक, मेहबूब स्टुडिओत रॉबिन चटर्जी, राजकमलमध्ये मंगेश देसाई या ध्वनिमुद्रकांनी मोजक्या मायक्रोफोनवर शंभर-शंभर वादकांचा ताफा जसा तोलला, तो आजही थक्क करतो. साठ आणि सत्तरच्या दशकांतल्या चांगल्या एलपीवर गाणं भरदार लागतं ते त्यांच्यामुळे. पण त्याच काळात बाजाराला स्टिरिओची भुरळ पडली आणि मुळात एकाच वाहिनीवर ध्वनिमुद्रित झालेल्या गाण्यांचं यांत्रिक ‘स्टिरिओ’ करण्याची टूम निघाली. एका बाजूला खर्ज, दुसऱ्या बाजूला तार, मध्ये गायकाचा आवाज भिजलेल्या पापडासारखा. पुढे कॅसेट आली. १९७९नंतर सुपर कॅसेट्सच्या गुलशनकुमार यांनी स्वस्त कॅसेटने सगळा बाजारच फिरवला. पीटर मॅन्युएल यांचं १९९३चं ‘कॅसेट कल्चर’ हे पुस्तक त्या उलथापालथीचा आजही वाचावा असा अभ्यास आहे. पानपट्टीच्या दुकानापर्यंत संगीत पोचलं हे कॅसेटचं मोठं पुण्य. मात्र सेकंदाला पावणेपाच सेंटिमीटर वेगाने सरकणाऱ्या त्या फितीवर, आणि तीही वेगाने प्रती काढण्याच्या यंत्रावर भरलेली, आवाजाची धार टिकणं अवघडच होतं. कायद्यातल्या तेव्हाच्या तरतुदीचा आधार घेऊन जुन्या गाण्यांच्या नव्या आवाजातल्या आवृत्त्या निघाल्या. जुन्याच आवाजाखाली नवा वाद्यमेळ घालून एचएमव्हीने ‘रिव्हायव्हल’ मालिका काढली. जुन्या गाण्यावर इलेक्ट्रॉनिक ठेक्याचा थर चढवून ‘झंकार’ आवृत्त्या आल्या. रिक्षा आणि ट्रकच्या स्पीकरवर त्यांना तोड नव्हती, हे त्यांच्या वैऱ्यालाही मान्य करावं लागेल. आज या सगळ्या आवृत्त्या गाण्याच्या एकाच नावाखाली, एकाच चित्रपटाच्या चित्रासह, फ्लॅक होऊन फिरतात. यांतली नेमकी कोणती ‘नुकसान न झालेली’?

सीडीने हा घोळ मिटवायला हवा होता. तिने तो थोडा मिटवला आणि थोडा वाढवला. ऐंशीच्या दशकाच्या शेवटी हिंदी चित्रपटगीतांच्या ज्या पहिल्या सीडी निघाल्या त्यांतल्या कित्येक परदेशात छापलेल्या होत्या. टेपवर जे होतं ते फारशी ढवळाढवळ न करता त्यांवर उतरवलेलं ऐकू येतं. खरखर आहे, पण खरखरीमागे सारंगीचा गजही आहे. नंतरच्या आवृत्त्यांत सफाईची यंत्रणा सढळ हाताने वापरली गेली. सफाईचं गणक आधी निव्वळ खरखरीचा नमुना घेतं आणि मग गाण्यात जिथे तसला ध्वनी दिसेल तिथून तो वजा करतं. पण गायिकेचा श्वास, बासरीतली फुंकर, तंबोऱ्याची विरत जाणारी आस, हेही त्या खरखरीसारखेच दिसतात. वजाबाकीत तेही जातात आणि दोन ओळींमधली शांतता खोलीतल्या शांततेसारखी न राहता बटण बंद केल्यासारखी होते. पुढे नव्वदीच्या उत्तरार्धात मोठ्या आवाजाची शर्यत सुरू झाली. आपलं गाणं शेजारच्या गाण्यापेक्षा जोरात वाजावं म्हणून चढउतार दाबून सगळंच वरच्या पातळीला नेऊन ठेवायचं, ही जगभराची खोड आपल्याकडेही आली. नव्या गाण्यांत ती निदान रचनेचा भाग म्हणून खपून जाते. जुन्या गाण्यांच्या नव्या सीडीवर ती हळू गुणगुणणं आणि तान यांना एकाच उंचीवर उभं करते. म्हणून जाणकार संग्राहक १९८९ची डाग पडलेली सीडी शोधत हिंडतो आणि दुकानातली चकचकीत ‘रीमास्टर्ड’ बाजूला सारतो, ते निव्वळ जुन्याचं वेड नव्हे. वेडाचा भागही असतो थोडा, नाही असं नाही. खरखरीलाच गतकाळाचा सुगंध मानणारे लोक आहेत आणि त्यांच्याशी वाद घालण्यात अर्थ नाही. जुन्या सीडींचाही भरवसा नाहीच. इंग्लंडमधल्या ब्लॅकबर्नच्या कारखान्यात १९८८ ते १९९३च्या दरम्यान छापलेल्या काही सीडींचा मुलामा वेष्टनातल्या गंधकामुळे तांबूस पडत गेला आणि त्या वाचता येईनाशा झाल्या. कायमस्वरूपी म्हणून विकलेली वस्तू लाखेच्या तबकडीच्या आधी गेली.

मग फाइल हातात आल्यावर तिची पारख करायची कशी? ध्वनीचा आलेख काढून पाहायची पद्धत सर्वांना ठाऊक असते. १२८च्या एमपीथ्रीवरून बनवलेल्या नकली फ्लॅकमध्ये साधारण सोळा हजार हर्ट्झच्या वर कात्रीने कापल्यासारखी रेघ दिसते. नव्वदनंतरच्या गाण्यांना ही कसोटी बरी लागू पडते. जुन्या गाण्यांना ती फसवते, कारण तिथे वरच्या भागात मुळात खरखरच आहे आणि कंपनीनेच सफाईत ती कापली असेल तर अस्सल सीडीही नकली वाटते. जुन्या गाण्यांसाठी एक जास्त विश्वासू साक्षीदार आहे, तो म्हणजे फाइलचा आकार. १९५५चं एकवाहिनी गाणं असेल तर डावी आणि उजवी बाजू तंतोतंत सारखी हवी. फ्लॅक दोन बाजूंमधला फरक वेगळा लिहितो. फरक शून्य असेल तर त्याला जागाच लागत नाही आणि फाइल झटक्यात लहान होते. ती तशी होत नसेल तर दोन बाजूंत काहीतरी वेगळं आहे. एक तर ती स्टिरिओ सुईने उतरवलेली एलपी आहे आणि फरक म्हणजे निव्वळ खाचेतली खरखर. तेव्हा दोन्ही बाजूंची बेरीज करून घेतली की खरखर बरीच उतरते. किंवा मग कुणीतरी त्या गाण्याचं खोटं स्टिरिओ केलेलं आहे आणि त्याला इलाज नाही. दुसरी कसोटी गतीची. तबकडीवर नसलेला अंतरा हवा म्हणून लोक चित्रपटाच्या व्हीसीडी-डीव्हीडीवरून गाणं काढतात. चित्रपट सेकंदाला २४ चौकटींचा, पाल पद्धतीची चकती २५ चौकटींची. सगळं चार टक्के भरभर पळतं, पाच मिनिटांचं गाणं बारा सेकंद आधी संपतं आणि सूर पाऊण अर्धस्वराने चढतो. काळी चारमधलं गाणं पांढरी सहाच्या उंबऱ्यावर जाऊन उभं राहतं, धड इकडे ना तिकडे; हार्मोनियम घेऊन बसलेल्या माणसाला ते कुठल्याच पट्टीत सापडत नाही. त्यात व्हीसीडीवरचा ध्वनी मुळातच एमपीथ्रीच्या थोरल्या भावाने दाबलेला. त्यावरून केलेला फ्लॅक म्हणजे झेरॉक्सवर नोटरीचा शिक्का.

दुसरा आक्षेप आजच्या काळाचा आहे: सगळं फोनवर उपलब्ध असताना जमवायचंच कशाला? मुंबईच्या काळा घोड्याजवळचं ऱ्हिदम हाउस हे संगीताचं दुकान २०१६ साली बंद झालं तेव्हा हाच सूर लागला होता. याला उत्तर असं, की संगीतसेवा गाणं देते, आवृत्ती देत नाही. तिथे एखादं गाणं तबकडीवरून आलं, एलपीवरून आलं की रिव्हायव्हलमधून आलं, याचा पत्ता लागत नाही. आज लावलेली प्रत उद्या गुपचूप बदलली तरी कळत नाही, आणि परवाना संपला की चित्रपटच्या चित्रपट यादीतून नाहीसे होतात. वर्षाच्या रकान्यात गाण्याचं साल न दाखवता संकलनाचं साल दाखवलं जातं, त्यामुळे नौशादांचं पन्नासच्या दशकातलं गाणं २००३चं ठरतं. गीतकाराचं नाव बहुधा नसतंच. नोंदीची ही अनास्था जुनी आहे. ‘महल’च्या तबकडीवर लता मंगेशकरांच्या नावाऐवजी पडद्यावरच्या पात्राचं ‘कामिनी’ हे नाव छापलं गेलं होतं. नोंदी नसल्या की आकडे फुगतात. १९७४ साली गिनेस बुकाने लताबाईंच्या नावावर २५,००० गाणी मांडली, मोहम्मद रफींनी त्याला हरकत घेतली, आणि पुढे कुणीतरी बसून खरोखर मोजदाद केली तेव्हा लताबाईंची हिंदी चित्रपटगीतं पाच हजारांच्या आसपास भरली.

ती मोजदाद शक्य झाली ती ज्यांच्या कामामुळे, ते कानपूरचे हरमंदिरसिंग ‘हमराज’. त्यांच्या ‘हिंदी फिल्म गीत कोश’ने १९३१पासून १९८०पर्यंतच्या गाण्यांची दशकवार नोंद केली: चित्रपट, गाणं, गायक, गीतकार, संगीतकार आणि तबकडीचा क्रमांकसुद्धा. विश्वास नेरूरकरांनी लताबाईंच्या गाण्यांची सूची अशाच चिकाटीने केली. १९९०मध्ये मुंबईत ‘सोसायटी ऑफ इंडियन रेकॉर्ड कलेक्टर्स’ सुरू झाली. सुरेश चांदवणकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ‘द रेकॉर्ड न्यूज’ या नियतकालिकातून तबकड्यांचं शास्त्र आणि इतिहास दोन्ही लोकांपुढे ठेवले. या कामांत बिटरेटचा उल्लेखही नाही, आणि तरी हिंदी चित्रपटसंगीताचा आजचा प्रत्येक गंभीर संग्रह त्यांच्याच खांद्यावर उभा आहे. तबकडीच्या लेबलवरचा ‘एन’ किंवा ‘जीई’ने सुरू होणारा क्रमांक, गाणं संपल्यावर उरलेल्या गुळगुळीत पट्ट्यात खरवडलेला साच्याचा क्रमांक, कोणत्या बाजूला कोणतं गाणं, हे चार तपशील फाइलसोबत लिहिलेले असतील तर पन्नास वर्षांनी त्या फाइलचं कूळ शोधता येईल. नसतील तर १९२ किलोहर्ट्झची फाइलही बेवारस.

मोठ्या आकड्यांच्या हौशीबद्दल मात्र सरसकट नाक मुरडायचं कारण नाही. ध्वनिसंग्रहांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेच्या मार्गदर्शनात जुनी ध्वनिमुद्रणं उतरवताना २४ बिट आणि शक्यतो ९६ किलोहर्ट्झ असा आग्रह आहे, आणि तो रास्त आहे. तो कानासाठी नाही. तबकडीवरचा एखादा ओरखडा मोठ्ठा टक्‌ करून वाजतो तेव्हा त्याला माथा आपटू न देण्याइतकी उंची हवी, आणि ओरखड्याचं टोक जितकं स्पष्ट टिपलं जाईल तितकं ते पुढे नेमकं काढून टाकता येतं. उतरवण्याचं काम मोठ्या पातेल्यात करावं, वाढायला वाटी पुरते. उलट सीडीवरून घेतलेली प्रत ९६ किलोहर्ट्झची करून ‘हाय-रेझ’ म्हणून मिरवणं म्हणजे दुधात पाणी घालून दूध वाढलं म्हणण्यासारखं. सीडीची अचूक प्रत निघाली का, हे पाहण्याची सोय संगणकात वर्षानुवर्षं आहे. वेगवेगळ्या लोकांनी काढलेल्या प्रतींची बेरीज जुळली की प्रश्न मिटला.

तिसरा आक्षेप कायद्याचा. भारतात ध्वनिमुद्रिकेवरचा हक्क प्रकाशनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो, त्यामुळे १९६४ सालच्या तबकड्या २०२४ संपताच त्या हक्कातून मोकळ्या झाल्या. मात्र शब्द आणि चाल यांचा हक्क रचनाकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं टिकतो: १९६६मध्ये वारलेल्या शैलेंद्रांच्या शब्दांचा २०२६अखेर, १९८०मध्ये वारलेल्या साहिर लुधियानवींच्या शब्दांचा २०४०अखेर. तेव्हा जुनं गाणं सगळ्यांचं असतं ही समजूत अर्धवट आहे. आपण विकत घेतलेल्या तबकडीची जपणूक ही एक गोष्ट आणि तिच्या हजार प्रती वाटणं ही दुसरी, हा भेद संग्राहकांच्या जगात सोयीस्करपणे पुसला जातो. कंपन्यांनी आपल्या टेपा नीट उतरवून, साल आणि स्रोत लिहून, वाजवी दरात विकल्या असत्या तर या पुसापुशीला जागाच उरली नसती, हेही तितकंच खरं.

सगळ्यांत मोठी गळती मात्र कधी तबकडीवर आलीच नाही त्या संगीताची आहे, आणि तिच्याकडे संग्राहकांचंही लक्ष कमी. चित्रपटसंगीत म्हणजे गाणी असं आपण धरून चालतो, म्हणून श्रेयनामावलीच्या वेळचं संगीत, प्रसंगांमागचे तुकडे, गाण्याचीच धून हळुवार पुन्हा वाजते त्या जागा, यांचा संग्रह जवळजवळ नाही. १९६०च्या ‘कानून’मध्ये एकही गाणं नाही, संगीत सलील चौधरींचं. ज्या संगीतकाराच्या गाण्यांची एकेक एलपी जपून ठेवली जाते, त्याचं हे काम तबकडीच्या बाजारात कुठे बसणार? ते ऐकायचं तर चित्रपटाच्या प्रकाशपट्टीवरूनच, आठ हजार हर्ट्झच्या आत, न्यायालयातल्या उलटतपासणीच्या संवादांच्या खालून.